तिघांनी सोडवलेलं घर

१२ नोव्हेंबर, बुधवार. सकाळी अकराला बँकेत गेले. साडेबाराला घराचे कागद हातात मिळाले. येताना अर्धा लिटर दूध आणि चार खिळे आणले.

ती. वन्संना,

नमस्कार. तुमचा खोकला कसा आहे ते कळवा. मी ठीक आहे. जेवण वेळेवर होतं, झोप लागते.

आपलं घर गहाण होतं आणि त्याचा लिलाव झाला होता, हे तुम्हाला आज प्रथमच कळत असेल. (नसेल तर तसंच पुढे वाचावं.) तुमच्या भावाने खालच्या बाइंडिंगच्या कारखान्यात एका कचेरीसाठी दोन हजार जाड वह्या बांधायला घेतल्या, कागदासाठी घर बँकेला लिहून दिलं, आणि त्याच महिन्यात कचेरीने संगणक घेतले. मग हेच गेले. हप्ते थकले. आलेल्या नोटिसा मी नीट घडी करून कपाटात ठेवल्या. आपल्या घरी कुणी कुणाला उगाच त्रास नको म्हणून काही सांगत नाही, तीच शिस्त मी पाळली.

लिलावाला मी गेले नाही. घरी बसून घासलेली भांडी पुन्हा घासली. संध्याकाळी बँकेचा शिपाई 'घर गेलं' एवढं सांगून गेला. कुणी घेतलं, हे मी विचारलं नाही. नवव्या दिवशी यांच्या विम्याचे पैसे आले. (हे कुठेच वेळेवर पोचले नाहीत, पण पोचायचे.) वसुलीच्या साहेबांनी सांगितलं, की महिन्याच्या आत सगळं कर्ज फेडलं आणि घेणाऱ्याला त्याच्या बोलीच्या पाच टक्के भरपाई दिली, तर लिलाव रद्द होतो. कर्ज विम्यात भागलं. पण बोली अव्वाच्या सव्वा चढलेली, त्यामुळे भरपाईसाठी बांगड्या मोडल्या.

आज घेणाऱ्यालाही बोलावलं होतं. दार ढकलून आत आले ते आपले भावोजी, तुमचे धाकटे बंधू.

"वहिनी, तुम्ही इथे कशा?"

"घर सोडवायला. तुम्ही?"

"मी घेतलंय ना ते! तुमच्यासाठीच! कागद हातात ठेवून चकित करणार होतो. अहो, पैसे होते तर सांगायचं तरी!"

"तुम्ही सांगितलंत?"

यावर ते खुर्चीत बसले. मग म्हणाले, एक तपकिरी कोटवाला हटेचना, नाहीतर निम्म्यात मिळालं असतं. भरपाईचं पाकीट त्यांनी माझ्या पिशवीत कोंबलं, मी त्यांच्या खिशात. असं चार वेळा झालं. शिपाई म्हणाला, "पैसे नकोत म्हणून भांडणारे या बँकेत आजच आले."

शेवटी पाकीट माझ्याकडेच राहिलं. घरी येऊन सगळ्या खोल्यांतून एकदा फिरले. महिनाभर भिंतीला खिळा मारला नव्हता, परक्याच्या भिंतीला भोक कशाला. आज मारला. यांचा फोटो लावला. थोडा तिरका आहे, राहू दे.

तुमची
वहिनी

ता. क. सही करताना बोली लावणाऱ्यांची यादी समोर होती. तपकिरी कोटवाले वकील तुमच्या वतीने आले होते. भावोजींना बोलले नाही. त्यांनी त्या वकिलाला पाठवणाऱ्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला आहे, त्यात ते स्वतःही येतात.

दुसरा ता. क. पत्र खरं तर यासाठी, की तुम्ही इथे राहायला याल का? दिवस दिवस मी कुणाशी बोलत नाही. आज शिपायाशी बोलले, तेही बरं वाटलं. यांच्या मागे हे लिहायला आठ महिने लागले, तेव्हा नाही म्हणू नका.

पत्राच्या पाकिटाचा डिंक वाळला आहे. खाली कारखान्यात जाऊन चिकटवायची खळ शिजत ठेवली. एका पाकिटापुरती कशी करतात ते मला येत नाही, पातेलंभर झाली आहे. गुठळ्या होतील, ढवळायला जाते.