डब्यांवरचे ठिपके

३ नोव्हेंबर, सोमवार

बटण दाबलं. काहीतरी टुंग वाजलं. बोलते.

ऋत्विक म्हणाला, आजी, तू दिवसभर बोलतेसच, तर फोनशी बोल, तो लिहून ठेवेल, घरातल्यांचे कान तरी सुटतील. नातू पंचविशीचा झाला, जीभ मात्र माझ्यावर गेली. बरं आहे. फोन लिहितो पण त्याला समजत नाही, मला समजतं पण वाचता येत नाही. गुपित ठेवायला अशी जोडी मिळायची नाही.

काल गॅलरीतल्या कुंडीत तुळशीचं लग्न लागलं. आता माणसांची. ऋत्विकने मुलगी स्वतःच बघून ठेवलीय — कश्मिरा, इथल्याच बुसैतीनला राहणाऱ्या तुकारामची मुलगी. आपल्यातली नाही. राजनने मला हे सांगताना माझ्या गोळ्या शेजारी काढून ठेवल्या होत्या, न जाणो म्हातारी उलटली तर! मी म्हटलं, मुलगी नाकीडोळी नीट आहे, अकाउंटंट आहे, मला वाकून नमस्कार करते, तुमच्यासारखी हवेतून नाही. माझा होकार. राजनच्या हातातला लाडू हातातच राहिला. आईने काही चांगलं केलं की पोटच्या पोराला पचत नाही.

अडलंय ते तुकारामकडे. विचार करून सांगतो म्हणाला. मुलीलाही कारण सांगत नाही. विचार करण्यासारखं काय आहे? चार वर्षं माझ्या हातचा डबा जेवलाय तो. कसा नाही म्हणतो बघते.

५ नोव्हेंबर, बुधवार

खुब्याचं हाड बसवून सात आठवडे झाले. खदिजा म्हणून बाई ठेवलीय, रोज सकाळी येते, मला वॉकर धरून चालवते. हॉलपासून स्वयंपाकघरापर्यंत वीस पावलं, परत वीस. ती रवांडाची. उंच, शिडशिडीत, चाळिशीची असेल. चौदा वर्षं गल्फमध्ये आहे. तिची हिंदी मोडकी, माझी त्याहून मोडकी, मध्ये थोडं अरबी. चालतंय. मला "मामा" म्हणते, इथे आईला म्हणतात तसं. घरात सगळे हसतात. हसू देत.

मृणालीला — ऋत्विकची धाकटी बहीण — शाळेत प्रोजेक्ट आहे. तेही रवांडाचंच! गोऱ्यांनी तिथे राज्य केलं आणि हुतू आणि तुत्सी म्हणजे काय, त्यांच्यात काय झालं, असं. खदिजाला विचारते म्हणाली. अरुणाने — माझी सून — डोळे वटारले. विचारू नकोस, वाईट झालंय तिकडे.

वाईट झालं म्हणजे काय, हे मला कुणी सांगत नाही. मृणालीकडून काढून घेते. ती इंग्रजीत सांगते, मी मराठीत विचारते. भांडायचं असलं की मात्र तिला सगळं मराठी येतं.

८ नोव्हेंबर, शनिवार

ऐकलं. दुपारभर.

ही नावं तिथे आधीपासून होती म्हणे. गुरंवाले ते तुत्सी, शेतीवाले ते हुतू, साधारण असं. राजा होता, सगळं काही गोड नव्हतं. पण भाषा एक, देव एक, आणि माणूस इकडचा तिकडे होऊ शकायचा. आधी जर्मन आले, मग बेल्जियमवाले. त्यांनी ठरवलं की तुत्सी म्हणजे उंच, सरळ नाकाचे, राज्य करायला जन्मलेले. मग शाळा त्यांना, मुखत्यारी त्यांना. बाकीचे राबायला. आणि प्रत्येकाला एक कार्ड. त्यावर लिहिलेलं — तू हा, तू तो. बापाचं ते मुलाचं. आता हलायचं नाही. आणि जायच्या वेळी त्याच गोऱ्यांनी बाजू बदलली, हुतूंच्या पाठीवर हात ठेवला. घर पेटवून वर दुसऱ्या दाराने निघून जायचं, तसं.

मृणाली म्हणाली, नाकं मोजायला लोखंडी चिमटे होते साहेबांकडे. आपल्याकडेसुद्धा मोजली होती आजी, इंग्रजांनी.

मला हसू आलं. नाक मोजायला चिमटा लागतो? मी नुसती बघून सांगते! आधी इथेच नईमला राहत होतो तेव्हा माझे पस्तीस डबे जायचे. सगळी आपल्या मुलखातली पोरं, ड्रायव्हर, वेल्डर, एसीवाले. नवा पोरगा दारात आला की आडनाव, गाव, आणि त्यावरून नाहीच कळलं तर सरळ विचारायचं, कुणापैकी तू? तिथे काही लपत नाही. मला अक्षर येत नाही म्हणून झाकणावर नेलपॉलिशचा ठिपका द्यायचे. लाल आणि हिरवा. बारा वर्षांत एक डबा चुकला नाही. साहेबाला म्हणावं, चिमटा ठेव, माझ्याकडे ये शिकायला.

मृणालीने विचारलं, लाल कुणाला आणि हिरवा कुणाला?

म्हटलं, लाल बेताचं तिखट, हिरवा झणझणीत.

तिने ते प्रोजेक्टच्या वहीत लिहिलं नाही, एवढं बघितलं मी.

९ नोव्हेंबर, रविवार

तुकारामचा फोन नाही.

११ नोव्हेंबर, मंगळवार

माझी पैज होती मनात — खदिजा तुत्सी. नाक बघा, मान बघा. आज सहज विचारलं. ती माझा दंड धरून पावलं मोजत होती, अकरा, बारा. मी म्हटलं, खदिजा, तू कुणापैकी? हुतू की तुत्सी?

तिच्या बोटांची पकड एकदम घट्ट झाली. पडू नये म्हणून धरतात तशी, पण पडत कोणीच नव्हतं. मग म्हणाली, आठ पावलं बाकी आहेत, मामा.

आठ चालवली. पाणी दिलं. पाय चोळून दिले. नेहमी जाताना दारातून "यल्ला मामा, बुकरा" ओरडते, उद्या भेटू म्हणून. आज नुसतं दार लावल्याचा आवाज आला.

एवढं काय झालं? आमच्याकडे सगळेच विचारतात.

१३ नोव्हेंबर, गुरुवार

काल ती आली नाही. मी एकटीने वॉकर घेऊन बारा पावलं चालले. तेराव्याला अरुणाला हाक मारावी लागली. अरुणा काही बोलली नाही. तिला कळलंय. सुना न बोलता फार बोलतात.

आज आली. मी आधीच म्हटलं, चुकलं माझं, विचारायचं नव्हतं. ती वॉकर बाजूला सारून खुर्चीवर बसली. तिने कार्डाची गोष्ट सांगितली. सांगताना माझ्याकडे बघत नव्हती, गॅलरीतल्या तुळशीकडे बघत होती.

तिचा आजा कपडे शिवायचा. एके दिवशी टेबल मांडलं, रांग लावली. साहेब छत्रीखाली बसला होता, लिहीत होता तो तिथलाच माणूस, चर्चच्या शाळेत शिकलेला. त्याचं अक्षर मोत्यासारखं होतं म्हणे. त्याने विचारलं, तू कोण? आजा म्हणाला, शिंपी. तो म्हणाला, तसं नाही. मग वर-खाली बघून त्याने लिहिलं — हुतू. म्हणून बाप हुतू, म्हणून खदिजा हुतू. आईच्या कार्डावर तुत्सी. दोघं एका घरात, एका चुलीवर.

खदिजा दहा वर्षांची होती तेव्हा शंभर दिवसांत आठ लाख माणसं गेली. रस्त्यारस्त्यावर नाके लावून कार्ड मागत होते. तिची आई बहिणीकडे गेली होती. कार्ड कमरेच्या पिशवीत. परत आली नाही.

माझा अंदाज चुकला, असं मनात आलं. म्हणजे अर्धा. अर्धा असं मनात आलं याची लाज वाटली, तेही बोलून ठेवते.

मी विचारलं, त्या लिहिणाऱ्याचा राग येतो का? ती म्हणाली, मारणारे शेजारी होते मामा, साहेबाने कुणाच्या हातात कोयता दिला नव्हता. पण कुणाला शोधायचं ते कागदावर तयार होतं. आणि लिहिणाऱ्याच्या मनात तर काहीच वाईट नसणार. त्याला फक्त संध्याकाळपर्यंत यादी पुरी करायची होती.

मग उठली. वीस पावलं आणि वीस. आज तिने मोजली नाहीत, मीच मोजली.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

मृणालीला साल विचारलं. चौऱ्याण्णव. म्हणजे तुकाराम डब्याला लागला ते साल. बावीस वर्षांचा असेल. दारात चप्पल काढून, बाहेरच उभा राहिला होता. मी आत ये म्हटलं नाही आणि तो आला नाही.

माझ्या ठिपक्यांचं वेगळं आहे. इथे कुणाच्या अंगाला बोट लागलं नाही. मी कुणाला उपाशी ठेवलं नाही. उलट हिरव्यांना भाकरी अर्धी जास्तच जायची. सणाला दोघांना गोड. हे म्हणजे उगाच आहे.

१५ नोव्हेंबर, शनिवार

हिरवे डबे मी बाहेरच्या नळावर धुवायचे. आत नाही. पातेलंही वेगळं होतं, पळी वेगळी. हे म्हणायचे, कशाला दुप्पट काम करतेस? मी म्हणायचे, पोरांना तिखट लागतं, मिसळायला नको. यांनी पुन्हा विचारलं नाही. गेले तेव्हाही त्यांना तेच ठाऊक होतं. किंवा सगळं ठाऊक होतं.

तिखट मात्र खरंच घालत होते, अगदी मूठ भरून. बोलल्याप्रमाणे वागायला नको? वर्षभरात माझं मलाच खरं वाटायला लागलं.

बास आज.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

असं तोंड पाडून बसणारी मी नाही. ठरवलं. तुकारामला जेवायला बोलवायचं. स्वतः फोन केला. "भाऊ, शुक्रवारी या, एकटे या, मुलांचं बोलू." तो म्हणाला, येतो वहिनी.

हो म्हणायलाच येतोय. नाही म्हणायला कोण बुसैतीनहून इथे आमच्या हमद टाउनला येतो, एवढे सिग्नल आणि एवढे राउंडअबाउट ओलांडून? नकार फोनवर देतात.

खदिजाला सांगितलं, मला ओट्यापाशी उभं राहायचंय, अर्धा तास. ती म्हणाली पंधरा मिनिटं. शेवटी वीसवर तुटलं. बाई बाजारात कमी पडायची नाही.

२० नोव्हेंबर, गुरुवार

कोलंबी आणली राजनने. अरुणाला सांगितलंय, उद्या ओटा माझा. पातेलं एक. सगळे त्याच पातेल्यातलं जेवणार, राजन, ऋत्विक, तुकाराम, खदिजासुद्धा, तिलाही बसवणार आहे. आणि तुकारामसाठी चांगलं झणझणीत करणार. त्याला तसंच लागतं, मला आठवतंय ना! बाकीच्यांनी नाक पुसत जेवावं एक दिवस.

वॉकरशिवाय चार पावलं चालले आज. खदिजा "यल्ला, यल्ला" करत मागे. वर्षाच्या आत या घरात लग्न लागतं, लिहून घे रे फोना.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

तुकाराम आला. केस सगळे पांढरे. दोनदा वाढून घेतलं. कपाळावर घाम, डोळ्यांत पाणी. मी म्हटलं, काय भाऊ, जुनी चव आहे ना?

तो घोटभर पाणी प्यायला. "वहिनी, मला तिखट कधीच सोसत नव्हतं."

मी म्हटलं, मग चार वर्षं बोलला का नाहीस?

"तुम्ही विचारलं होतं कुणापैकी. तिखट चालतं का, हे कुठे विचारलं होतं?"

खदिजाला मराठी येत नाही, पण तिने पान सारून माझ्याकडे बघितलं.

जाताना चप्पल घालता घालता तो म्हणाला, मुलांना मी अडवणार नाही. पण एवढे दिवस का थांबलो, ते कश्मिराला मी सांगितलेलं नाही. ते तुम्ही सांगा. त्यानंतरही ती हो म्हणाली तर माझं हो.

कश्मिरा उद्या दहाला येते. काय सांगायचं ते आधी इथे बोलून बघावं म्हणून दोनदा बटण दाबलं. दोन्ही वेळा फोन वाट बघून आपोआप बंद झाला.