सातवी कृत्तिका बटणच्या नावावर

काल झोप लागली नाही. परवाही नाही. उद्या डॉक्टर छाती उघडून हृदयाची झडप बदलणार आहेत, त्याची भीती आहेच, पण झोप तिनं उडवली नाही. डॉक्टर म्हणाले, शंभरातल्या पंचाण्णव जणी चालत घरी जातात. मी उरलेल्या पाच मोजत बसले. त्या पाचजणींच्या पोरांचं पुढं काय झालं, ते कोणी सांगत नाही. माझी मुलगी, बटण म्हणतो आम्ही तिला, तीन वर्षांची आहे, आणि माझ्यामागं तिला कोण सांभाळणार हे अजून कुठल्याच कागदावर नाही. म्हणून झोप नाही.

तर हे माझं मृत्युपत्र. मी तारांगणात झाडलोट करते. वय सव्वीस, सातवी नापास. हे मी माझ्या हातानं लिहितेय. कोणी धाक दाखवला नाही, कोणी सांगून लिहून घेतलं नाही. डोकं ठिकाणावर आहे, छातीच तेवढी नाही.

पहिलं घरातलं. शेगडी, भांडी आणि दोन्ही गाद्या शेजारच्या शिवणवाल्या ताईंना. ताई, डावा बर्नर पेटायला वेळ घेतो, तोंड लांब ठेवत जा.

लोखंडी पाळणा सासूबाईंचा. दोनदा निरोप आलाय, खुशाल न्यावा. पाळणा न्यावा, पोरगी नाही. "आमचं रक्त आहे," असं म्हणतात. रक्त त्यांचं आहे, खोटं कशाला बोलू? पण तेच रक्त रडत होतं म्हणून त्यांनी ते मोरीत कोंडलं आणि दिवा घालवला. मी कामावरून आले तेव्हा पोरीचा आवाज बसला होता. त्यानंतर दिवे गेले की ती श्वास धरून बसायची. मी गेले आणि कागद नसला तर ती त्याच घरात जाईल. हा कागद त्यासाठीच आहे, बाकीचं सगळं वरवरचं.

नवऱ्याला काही नाही. चांगली बॅग जाताना तो घेऊन गेलाच आहे.

आता माझ्याकडचं खरं द्यायचं ते.

तारांगण म्हणजे गोल छताचा हॉल. मधोमध पत्र्याचा मोठा गोळा, त्याला हजारो भोकं आणि आत एक दिवा. कामाला लागले तेव्हा मला सातवा महिना होता. पहिल्याच दिवशी सकाळी अकराला मी खुर्च्यांखालचा कचरा काढत होते, आणि गोळा चालवणाऱ्या काकांना मी आत आहे हे माहीतच नव्हतं. त्यांनी दिवे घालवले आणि गोळ्याचं बटण दाबलं. मी वर बघितलं. एवढे! मला वाटलं छत उडालं. हात जोडावेत की झाडू धरावा कळेना. पायरीवरच बसले, आणि पोटातलं पोर असं फिरलं की जणू तेही मान वर करून बघतंय. तेव्हापासून रोज चार खेळ बघते, पण दिवे गेले की अजून अंगावर काटा येतो.

सगळ्यात जास्त जीव माझा वृषभ राशीवर. म्हणजे बैल. आकाशात त्याचं तोंड, शिंगं आणि खांदेच आहेत, मागचं अंग नाही. काका म्हणतात, "निम्म्या बैलावर कसली शान आहे बघा." एका शिंगाच्या टोकाला अग्नी नावाचा तारा. डोळ्याच्या जागी रोहिणी, लाल निखाऱ्यासारखी. तिचा आज दिसणारा उजेड पासष्ट वर्षांपूर्वी निघालाय. तेव्हा माझी आई पण जन्मली नव्हती. चंद्राला म्हणे सत्तावीस बायका, पण जीव एकट्या रोहिणीवर. बाकीच्यांनी बापाकडे तक्रार केली, बापानं शाप दिला, म्हणून चंद्र झिजतो. आमच्या ह्यांना एकच बायको होती, तीही निभली नाही. झिजले मात्र काही नाहीत.

बैलाच्या खांद्यावर कृत्तिका. एवढासा झुबका, धुरकट, मुठीत धरावा असा. साध्या डोळ्यांना सहा दिसतात. दूरदेशीचे लोक त्यांना सात बहिणी म्हणतात, एक लपलीय म्हणतात. काका खेळात सांगायचे, "मोजा मुलांनो. सहाच ना? सातवी लाजरी आहे."

इथं मला एक कबूल करायचंय. गोळा मऊ कापडानं पुसायचा असतो. बटण आठ महिन्यांची असताना मी तिचं जुनं दुपटं वापरलं, आणि त्यात एक पिन राहिली होती. पत्रा काही जाड नाही. दुपारच्या खेळाला काका म्हणाले, "सहाच ना?" आणि शंभर पोरं एकदम ओरडली, "सात! सात!" काकांनी स्वतः मोजून बघितलं. मग म्हणाले, "आज आलीये वाटतं बाहेर."

खेळ संपल्यावर मला बोलावलं. "भोक कुणी पाडलं?"

"उंदरानं असेल, काका."

"उंदरानं? पिन घेऊन?"

ते काळा रंग आणि ब्रश घेऊन शिडीवर चढले. बटण तेव्हा माझ्या कडेवर होती. सासूबाईंनी कोंडलं होतं त्याला आठवडाच झाला असेल. काकांनी भोक कुठंय ते बघायला दिवे घालवले. मी तिचं तोंड छातीशी दाबायला गेले, तर तिनं मान सोडवून घेतली, वर बघितलं आणि टाळ्या वाजवल्या. त्या आठवड्यात पहिल्यांदाच अंधारात श्वास सोडला पोरीनं. काकांनी ब्रश डब्यात ठेवला. तेव्हापासून ते प्रत्येक खेळात सांगतात, "ही सातवी आपली घरची. बाहेरच्या आकाशात सहाच मोजा."

गोळा माझ्या मालकीचा नाही. पण ते भोक माझं आहे. ते मी माझ्या मुलीला देते. काका आहेत तोवर बुजवू नये.

कृत्तिकांची आणखी एक गोष्ट काका सांगतात. उघड्यावर पडलेलं एक बाळ या सहाजणींना सापडलं. कुणाकडे जावं, कुणाला नाही म्हणावं? म्हणून बाळाला सहा तोंडं फुटली आणि ते सहाहीजणींचं दूध प्यालं. मी पण तसंच ठरवलं. जेवण ताईंकडे, गोष्टी काकांकडे, शाळेत नेणं तिकीटवाल्या मावशींकडे. ताईंना सांगितलं, तर त्यांनी कात्री खाली ठेवली.

"अगं बाई, अशानं सहा आया होतील. कागदावर सही कोण करणार?"

"सगळ्या."

"कोर्ट काय आभाळ आहे होय? तिथं एकच नाव लागतं."

एकच नाव आहे. माझ्या भावाचं.

दादा गेट आणि ग्रील बनवतो. बटण झाली तेव्हा कामावरून तसाच आला, शर्टाला ठिणग्यांची भोकं. पोरीला हातभर लांब धरून म्हणाला, "मला हिला भाजायची भीती वाटते." लहानपणी आम्ही गच्चीवर झोपायचो. तो लाल ताऱ्याकडे बोट करून म्हणायचा, "तो एक माझा. बाकी सगळे तुझे, घे." एवढी वाटणी कोणता भाऊ करतो?

नवरा सोडून गेला तेव्हा दादा धावत आला, पण दारातच, सगळ्यांसमोर म्हणाला, "सांगितलं होतं ना मी?" माझं डोकं फिरलं. मी म्हटलं, "तू मला मेलास." त्यानं हातातली पिशवी उंबऱ्यावर ठेवली आणि गेला. पिशवीत पोरीचे कपडे होते, एक वर्ष पुढच्या मापाचे. त्याला दोन वर्षं झाली.

तर माझ्यामागं माझ्या मुलीचा पालक माझा सख्खा भाऊ. दुसरं कोणी नाही, सासरचं तर नाहीच.

हे सगळं मी राजीखुशीनं लिहिलं, साक्षीदारांसमोर वाचलं, मग सही केली.

सही : बटणची आई
साक्षीदार १ : गोळा चालवणारे काका (सही)
साक्षीदार २ : शिवणवाल्या ताई (सही)
ठिकाण : हॉस्पिटल, दुसरा मजला, खिडकीजवळची खाट
तारीख : चौदा, मंगळवार, सकाळ

सहीखाली लिहू नये म्हणतात, तरी लिहिते. दादाला मी अजून विचारलेलं नाही. तीनदा फोन लावला, रिंग जायच्या आत कापला. त्या एका वाक्यानंतर "हॅलो" कुठल्या तोंडानं म्हणू? तुम्ही कोणी का असेना, नर्स असा, झाडूवाली असा, हा कागद हातात आला तर माझं बरंवाईट व्हायची वाट बघू नका. नंबर मागच्या बाजूला आहे. आधी सांगा पोरगी बरी आहे, नाहीतर तो गाडी फार जोरात चालवतो. मग सांगा, तिनं तो शब्द मागं घेतलाय. उद्या सकाळी आठला मला आत नेणार आहेत. त्याच्या आधी, जमलं तर आत्ताच, माझ्या भावाला एक फोन करा.