स्वतःच्याच हाताने नामंजूर केलेल्या खोलीबाबत

प्रति,
मा. निवास वाटप अधिकारी,
ज्येष्ठ कलावंत निवास कार्यालय

विषय : तळमजल्यावरील खोली क्र. ४ ची नामंजुरी रद्द होण्याबाबत. नामंजुरी अर्जदाराने स्वतःच केलेली आहे.

संदर्भ : आपले नामंजुरीचे पत्र, अर्ज केल्यापासून चौदाव्या महिन्यात आणि शेरा पडल्यापासून तिसऱ्या दिवशी मिळालेले.

महोदय,

१. अर्जदार अडतीस वर्षे रंगभूमीवर व पडद्यावर कामे करीत आहे. चेहऱ्यावर भाव उमटायला फार वेळ लागतो असे दिग्दर्शकांचे मत पडल्यामुळे नायक होण्याचा योग आला नाही. एकसष्ट चित्रपटांपैकी चव्वेचाळीस चित्रपटांत त्यास सरकारी अधिकारी करण्यात आले. यात आपल्या खात्याचा अवमान करण्याचा हेतू नाही.

२. अर्जदाराची पत्नी अर्जदाराच्याच नाटक कंपनीची नायिका. शेवटच्या रांगेत पेंगणाऱ्यालाही तिचे वाक्य खडबडून जागे करीत असे. खुब्याच्या शस्त्रक्रियेनंतर ती तिसऱ्या मजल्यावर अडकून पडली आहे. दीड वर्षात तिने उन्हात पाऊल ठेवलेले नाही. शेजाऱ्यांनी खुर्चीतून खाली नेण्याची तयारी दाखवली, तेव्हा खुर्चीत बसून मिरवायचे तर राणीचे काम द्या, असे म्हणून तिने त्यांना वाटेला लावले. म्हणून तळमजल्यावरील खोलीसाठी अर्ज.

३. गेल्या महिन्यात सुट्टीच्या दिवशी आपले कार्यालय एका मालिकेच्या चित्रीकरणास देण्यात आले. अर्जदाराकडे अर्थातच अधिकाऱ्याची भूमिका होती. एका म्हाताऱ्याचा अर्ज फेटाळायचा होता. तयारी म्हणून अर्जदाराने सूचना फलकावरील आपली, म्हणजे अधिकारी महोदयांची, सही आठवडाभर गिरवली. लिहिण्याचा नुसता अभिनय तो करीत नाही, जे लिहितो ते खरेच लिहितो. या खोडीपायी त्याने आयुष्यात बरेच सोसले आहे.

४. कोरे कागद पंख्याने उडू लागले, म्हणून दिग्दर्शकाने आपल्या कार्यालयाच्याच कपाटातील वजनदार फायली मागवल्या. सात वेळा दृश्य घेतले, सात फायली लागल्या. भूमिकेला शोभत नाही म्हणून चष्मा काढलेला होता. प्रत्येक फायलीवर अर्जदाराने पाठ केलेला शेरा लिहिला : "निकड दिसून येत नाही. नामंजूर." खाली ती गिरवलेली सही केली. सातवी फाईल त्याची स्वतःची होती, हे पत्र आल्यावर कळले. आपल्याच हाताने आपल्याच पायावर धोंडा पाडून घेण्याचा हा प्रकार तेथे हजर असलेल्या सर्वांना फार आवडला. दिग्दर्शक म्हणाले, आज चेहऱ्यावर भाव आला.

५. फायली कपाटात परत गेल्या व सोमवारी रीतसर टपालाला लागल्या. चौदा महिने हललेला नव्हता तो कागद तीन दिवसांत घरपोच आला, याबद्दल कार्यालयाचे अभिनंदन. अर्जदाराने येऊन सर्व कबूल केले. लिपिक म्हणाले, काका, कागदावर तसं काही दिसत नाही, सही साहेबांचीच आहे. फाईल आपल्यापुढे ठेवली असता आपणही सही निरखून ती आपलीच असल्याचे सांगितले व शेरा योग्य ठरवला. अर्जदाराच्या अभिनयाला इतकी मोठी पावती आजवर कोणत्याही समीक्षकाने दिलेली नाही. इतर सहा जणांनी निर्णय मुकाट्याने मान्य केल्याचेही कळले. त्यांच्याबद्दल अर्जदारास फार वाईट वाटते. त्यांचाही फेरविचार व्हावा.

६. एकदा नामंजूर झालेला अर्ज तीन वर्षे पुन्हा करता येत नाही, असा नियम दाखवण्यात आला. पत्नीचे वय एकाहत्तर आहे.

७. पत्र पत्नीनेच उघडले. शेरा कोणाचा, हे तिला सांगण्याचे धैर्य अर्जदारास झालेले नाही. रोज सकाळी खिडकीशी बसून ती सही करणाऱ्याचा उद्धार करते. त्या मेल्याला बायको नाही का, असे विचारते. अर्जदार चहा गाळत असतो व मान डोलावतो. अडतीस वर्षांत जमला नाही तो अभिनय आता घरी रोज करावा लागत आहे, आणि तो आता झेपत नाही.

तरी नामंजुरी रद्द करून खोली मिळावी, ही विनंती. नियमात बसत नसल्यास आपण कृपया एकदा आमच्या घरी यावे, आणि सही आपलीच आहे, हे तिला समक्ष सांगावे.

आपला नम्र, आणि नाइलाजाने आपल्याच सहीचा,

(सही)
अर्जदार

दिनांक : ९ मार्च

सोबत :
१. डॉक्टरांचा दाखला.
२. घरी येण्याचा रस्ता. पायऱ्या त्रेसष्ट, कठडा एकाच बाजूस.