पेन पाहिजे का आतलं?

अहो,

तुम्ही असताना कधी नावानं हाक मारली नाही, आता गेल्यावर तरी कशाला मारू? लिहायला बसले, कारण मला संशय आलाय. हसू नका! पोलिसात पाहिजे होतीस म्हणायचात ना मला?

काल बसू आला होता. तुमचा कुरुंदवाडचा दोस्त, दुकानातला भागीदार. चहा संपायच्या आत म्हणाला, "वहिनी, त्येचा निळा पेनड्राइव्ह बंद पडलाय न्हवं? द्या हिकडं. फर्मवेअर टाकून चालू करून देतो की."

बंद पडलाय हे याला कुणी सांगितलं? मी तर नाही!

राजारामपुरीतल्या आपल्या पेनड्राइव्ह दुरुस्तीच्या दुकानात इतकी वर्षं तुमच्या शेजारी बसले, मला काहीच कळत नाही होय? फर्मवेअर, म्हणजे पेन चालवणारा आतला प्रोग्रॅम, नव्यानं टाकलं की पेन जिवंत होतो, पण आतलं सगळं जातं. म्हणून तर ते टाकायला चिपच्या पायांना सुई लावण्याआधी तुम्ही प्रत्येकाला विचारायचात, "पावणं, पेन पाहिजे का आतलं?" बसूनं मला ते विचारलंच नाही. विसरला? तो?

मग मनात काय काय आलं! दुसरी बाई? कसले तरी व्यवहार? तुमच्या फोटोकडेसुद्धा मी वाकड्या नजरेनं पाहिलं.

शेवटी दारातच अडवला त्याला. "आत काय हाय सांग, न्हायतर सोडत न्हाय."

तो रडायलाच लागला. "आजारपणात तुमच्यासाठी व्हिडिओ केलता त्येनं. तुमच्याशी बोललाय. मग सोताचं तोंड बघितलं आन् मला म्हणाला, बसू, ह्ये पूस. तिला असलं तोंड दावायचं न्हाय. म्या पुसायला घेतला तर पेनच बंद पडला, वहिनी. त्येला दिलेला शब्द तसाच ऱ्हायलाय."

बसूला सांगितलंत आणि मला नाही? गालफडं बसलेली, डोळे खोल गेलेले, ते मी काय पाहिलं नव्हतं? फार राग आलाय मला तुमचा. फार आठवणही येते.

पेन आता माझ्या कपाटात, कुलपात आहे. आतलं काढून देणारा माणूस मी शोधतेय. तोवर त्याला कुणाची सुई लागू देणार नाही, बसूचीही नाही. आणि निघालं, तर शेवटपर्यंत बघेन, हा माझा शब्द. ओल्या फडक्यानं तो चेहरा रोज मी पुसत होते. माझ्याशिवाय तो पुसायचा हक्क कुणाला नाही, तुम्हालासुद्धा नाही.

तुमचीच संशयी,
सुमन