गिळवाऱ्याला घातलेलं गाऱ्हाणं

प्रिय सुमन,

तुला नावानं हाक मारायची सवय नाही. सगळा संसार "अगं"वरच झाला. पण कागदावर नुसतं "अगं" कसं लिहू? तुझ्या त्या गिळवाऱ्यानं आपल्या घराची पार वाट लावली, आणि तो थांबवायचा कसा हे तू कुणालाच सांगून गेली नाहीस. काल जे झालं ते बरोबर झालं की नाही, हे विचारायला तुझ्याशिवाय दुसरं कोण आहे मला?

मी दमलोय गं. गॅस बंद आहे ना हे चार चार वेळा उठून बघतो. तू होतीस तेव्हा ओरडायचीस, "अहो, बसा की एका जागी!" आता कुणी ओरडत नाही, म्हणून जास्तच उठतो.

आपली नात तनू रोज संध्याकाळी तुझ्या मांडीवर डोकं ठेवून नादवाडीची गोष्ट ऐकायची. तिथं माणसं नाहीत, नुसते आवाज राहतात. कुकरची शिट्टी ही तिथली पाटलीण, पडलेली वाटी ही तिची भांडखोर जाऊ, आणि उंबऱ्यावर बसून कुरकुरणारं दार म्हणजे मी! मला हसायचात दोघी. मी पेपर वाचायचं सोंग करून ऐकायचो.

पण त्या सुखी गावात तो गिळवारा कशाला आणलास? स्वतःचा आवाज नसलेलं वादळ. आधी घंटा मुक्या होतात, मग चुली, मग माणसं कुजबुजायला लागतात. त्या वेळी जो तोंड उघडेल त्याचा आवाज तो कायमचा ओढून नेतो. म्हणून ओठ मिटून, आवाज दातांमागे धरून बसायचं. लहान पोरीला असलं सांगतात का? मी म्हटलं होतं तेव्हा. तू म्हणालीस, "तुम्हालाच भीती वाटते, तिला नाही."

मग तू गेलीस.

सुतकात देवपूजा बंद. तनूला जाता-येता देवघरातली घंटा वाजवायची सवय, म्हणून दहिसरहून आलेल्या वहिनीनं घंटेच्या लोलकाला फडकं गुंडाळलं. घरात चूल नाही, जेवण शेजारून यायचं, म्हणजे कुकरची शिट्टीही नाही. टीव्ही बंद. आणि पोरीसमोर काही बोलायचं नाही म्हणून आम्ही सगळी मोठी माणसं कोपऱ्यात कुजबुजत होतो. तू कुठं गेलीस हेसुद्धा तिला कुणी धड सांगितलं नाही.

तनूनं तोंड मिटलं. तेरावं झालं, पाहुणे गेले, तरी गप्प. सूनबाई, आपली वैशाली, समजावून थकली. डॉक्टर म्हणाले, धक्का आहे, वेळ द्या. शाळेतून फोन यायला लागले. माझ्या मनात नाही नाही ते यायचं. पोर कायमची मुकी झाली तर?

काल संध्याकाळी मी तिच्यापुढे हात जोडले. "बाळा, का बोलत नाहीस? आबांना तरी सांग." तिनं माझं बोट धरून मला देवघरापाशी नेलं. घंटेकडे बोट दाखवलं आणि माझ्या तोंडावर हात ठेवला. फडकं अजून तसंच होतं, सुमन! कुणाच्या लक्षातच आलं नव्हतं. तेव्हा कुठं माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मी फडकं सोडून घंटा वाजवली, तर तिनं झडप घालून ती दोन्ही हातांत दाबून धरली. वारा अजून घरातच होता तिच्या लेखी.

गोष्टीचा शेवट मला ठाऊक नाही. तू सांगितलाही नसशील. मग मला येतं तेच केलं. आपल्या कोकणात गावच्या देवळात देवाला घालतात तसं, हॉलच्या मधोमध उभा राहून मी गाऱ्हाणं घातलं. खांद्यावर टॉवेल, आणि आवाज चांगला मोठा.

"बा गिळवाऱ्या म्हाराजा! तू आमच्या घरात इलंस, आमची सुमन घेऊन गेलंस..."

पुढे कुणीतरी "व्हय म्हाराजा" म्हणायला हवं ना? त्याशिवाय गाऱ्हाणं पोचतच नाही. स्वयंपाकघरातून वैशाली आली. साताऱ्याची पोर, आपल्या गाऱ्हाण्याला नेहमी हसणारी. पदराला हात पुसत म्हणाली, "व्हय म्हाराजा."

"आता ह्या पोराचो आवाज सोड, आणि इल्या वाटेन परत जा रे म्हाराजा!"

दारावर थाप पडली. शेजारचे गुजराती भाई. "काका, सब ठीक?" वैशालीनं त्यांना हातानंच थांबवलं. आणि मागून खरखरीत, गंज चढल्यासारखा आवाज आला.

"व्हय म्हाराजा."

मी मागे बघायला भ्यालो. तेवढ्यात ती म्हणाली, "आबा, आजीचा आवाजपण मागा ना."

काय सांगू मी तिला? तू काय सांगितलं असतंस? खोटं बोलून चालणार नव्हतं, एवढंच मला कळलं. मी पुन्हा हात जोडले.

"बा म्हाराजा, आमच्या सुमनचो आवाज आता परत येवचो नाय, ह्या आमका कळला. तो तुझ्याकडे रवांदे. पण नीट सांभाळ रे म्हाराजा!"

वैशालीनं तोंडाला पदर लावलेला. भाई दारातच उभे. पोरगी माझ्याकडे बघत राहिली. मग रडली, मोठ्यांदा, तू गेल्यापासून पहिल्यांदा. आणि रडता रडता म्हणाली, "व्हय म्हाराजा."

आज ती बोलतेय. थोडं थोडं. उद्या पुन्हा गप्प झाली तर, ही काळजी आहेच. मी काय, मी काळजीच करणार.

पण तुला शब्द देतो. नादवाडीची गोष्ट आता मी सांगेन, चुकत माकत का होईना. आणि माझी वेळ येईल तेव्हा या घरात कुणी कुजबुजणार नाही. तनूला जवळ बसवून स्पष्ट सांगायचं, "आबा गेले." मग तिला हवं तेवढं रडू दे, ओरडू दे, भांडी आपटू दे. हे मी वैशालीला आजच सांगून ठेवतोय. ती चिडेल, म्हणेल, "बाबा, काय अभद्र बोलता!" चिडू दे.

तुझा,
वासुदेव