ईथरच्या बाटलीजवळ जाण्याआधी

मी, मॅनेस कान्येंडा, वय अठ्ठावन्न, म्झुझू शहरातल्या मुलींच्या शाळेतली रसायनशास्त्राची शिक्षिका, कोणाच्याही दडपणाशिवाय, पूर्ण शुद्धीत हे मृत्युपत्र लिहून ठेवते. शुद्धीत आहे; शांत आहे असं मात्र लिहवत नाही.

कारण नमूद करते. शाळेच्या रसायनांच्या कोठीत, मागच्या फळीवर, मला ईथरची जुनी बाटली आढळली. झाकणाभोवती पांढरे स्फटिक धरले आहेत. ईथर जुनं झालं की त्यात हवेतला ऑक्सिजन शिरतो आणि ऑक्सिजनचे दोन अणू एकमेकांना जोडले जातात. हा बंध फार कच्चा. झाकण फिरवलं तरी तुटू शकतो, आणि तुटला की स्फोट. हेडमास्तर म्सिस्का म्हणाले, "मॅडम, एका बाटलीला एवढं काय घाबरायचं? थांबा, मीच खड्ड्यात टाकून येतो." मी त्यांचं मनगट धरून त्यांना बाहेर ओढलं. त्याबद्दल मी माफी मागणार नाही.

उद्या लष्करी छावणीतले सैनिक ती बाटली न्यायला येतील. बाटल्यांवरच्या चिठ्ठ्या वाळवीने खाल्ल्या आहेत, त्यामुळे नेमकी बाटली दाखवायला मला आत जावं लागेल. माझी मुलगी लुसुंगू म्हणाली, "आई, तू नाही म्हणून सांग."

"मी नाही म्हटलं तर म्सिस्का स्वतः जाऊन उचलतील. भिंतीपलीकडे मुली बसतात गं."



१. चिबावी वस्तीतलं माझं घर लुसुंगूचं. दीर वेडसन यांचा त्यावर काडीचाही हक्क नाही. माझे पती गेले तेव्हा चुलीवर सुतकाचा न्सिमा, मक्याच्या पिठाचा, शिजत होता, आणि दीर पलंग व शिवणयंत्र गाडीत चढवत होते. मी विचारलं, "भाऊजी, मी झोपू कशावर?" म्हणाले, "भावाचं सामान भावाकडे चाललंय. तुम्ही माहेरी जा, वहिनी." मी चटईवर झोपले, पण घर सोडलं नाही. लुसुंगूनेही सोडू नये.

२. चिखलाचे गोळे आणि सायकलच्या तारा जोडून केलेल्या रेणूंच्या प्रतिकृती शाळेच्या. मिथेनच्या चार तारा कोणी चपट्या करून ठेवू नयेत; त्या चारी दिशांना फाकलेल्याच राहाव्यात. हे सांगून सांगून माझा घसा बसला आहे.

३. काही विपरीत घडलं तर माझी शवपेटी उघडू नये. लुसुंगूला तर मुळीच दाखवू नये.

म्झुझू, १७ ऑक्टोबर २०११
सही: मॅनेस कान्येंडा
साक्षीदार: एनेलेस चावुला (परिचारिका), रॅबसन म्हांगो (शेजारी)

पुरवणी, १८ ऑक्टोबर. मी जिवंत आहे. मी बोट दाखवलं तेव्हा ते इतकं हलत होतं की सैनिकाने विचारलं, "बाई, ही की शेजारची?" मला तोंडाने सांगावं लागलं. त्यांनी बाटली मैदानापलीकडच्या खड्ड्यात नेऊन दुरून स्फोट करून उडवली. दोन वर्गांच्या काचा गेल्या. म्सिस्का गवतावर बसून राहिले.

त्या बाटलीमागे तशाच आणखी दोन बाटल्या निघाल्या. सैनिक उद्या पुन्हा येणार आहेत. म्हणून वरचं मृत्युपत्र मी रद्द करत नाही.

सही: मॅनेस कान्येंडा
साक्षीदार: वरीलच दोघे