मामा पडद्यावर येणार

लोवेल, ४ एप्रिल १९३२

चि. फर्गसला होनोराताईचे अनेक आ.

प्रभुकृपेने सर्व ठीक, मामांचे गुडघे सोडून. ते तुझ्या चित्रपटात नाचलेत, हे चर्चच्या पायऱ्यांवर बसणाऱ्या सगळ्यांना आता पाठ झालंय. उपवासकाळ संपला, म्हणून शनिवारी निम्मी आळी आमच्याबरोबर चित्रपटाला निघाली आहे. मामांनी शर्टाला लावायची नवी कॉलर घेतली. मी चिडवलं, नवरदेव कुठे निघाले, तर म्हणाले, भाच्याने न्यूयॉर्कला नेऊन नाचवलं ते उगाच नाही. त्यांचा चेहरा नीट दिसतो ना, तेवढं कळव.

मायेची,
ताई

न्यूयॉर्क, ८ एप्रिल

ती. ताईस सा. न.

त्यांना थांबव. तुझं पत्र मिळालं होतं, उत्तराला हात धजावत नव्हता. आम्ही माणसाला नाचवून त्याचं चित्रण करतो, मग एकेका चित्रावर कागद ठेवून नुसती हालचाल गिरवून घेतो आणि तिच्यावर हलती व्यंगचित्रं काढतो. मामांच्या अंगावर मी पांढरं भूत चढवलं आहे. ते किटलीतून निघतं, स्वतःचं मुंडकं टोपीसारखं काढून सलाम करतं आणि नाचत नाचत भिंतीत विरतं. मामांचा चेहरा कुठेच नाही, नावही नाही. धाप लागली तरी ते नाचले, आणि मी पुन्हा एकदा, पुन्हा एकदा म्हणत राहिलो. चेहरा दिसेल ना, असं त्यांनी विचारलं तेव्हा मी हसून मान डोलावली. आता प्रार्थनेला बसलो की तेवढंच समोर येतं. काहीही सांग, पण त्यांना नेऊ नकोस.

तुझा अपराधी,
फर्गस

लोवेल, १२ एप्रिल

चि. फर्गसला अ. आ.

तुझं पत्र काल आलं. आम्ही शनिवारीच जाऊन आलो. किटलीतून भूत निघालं तशी माणसं हसून लोळली. मागून पाववाल्या ड्युगनबाई सारखं विचारत होत्या, यातले तुमचे कॉर्नेलियसमामा कोणते, किटली की काय? मामांनी थापा मारल्या असं वाटून मी मान खाली घातली. तेच आता लिहायलाही लाज वाटते. दिवे लागल्यावर मामांनी सगळ्यांना सांगितलं की आपला तुकडा कापला गेला असावा. वाटेत मला बजावलं, "पोराला लिहू नकोस. ओशाळेल बिचारा."

पण मी त्यांच्या शेजारीच बसले होते. ते भूत नाचायला लागलं तेव्हा अंधारात मामांचे बूट हलत होते. मला तेव्हा काही उमगलं नाही, तुझं पत्र वाचल्यावर उमगलं. भुताच्या प्रत्येक पावलाला त्यांचं पाऊल पडत होतं. एकही चुकलं नाही.

क्षमा पत्रातून मागू नकोस. आमच्यावर लोभ असेल तर स्वतः ये.

तुझी,
ताई